मरहूमांची बंदूक : हत्याराची मालकी बदलताना कायदा काय सांगतो?

कोकणातील आमच्या परिचयाच्या एका घरची हकीकत प्रथम सांगतो. नाव-गाव सांगण्याचे कारण नाही. वालिद साहेबांच्या नावावर पीक संरक्षणाच्या परवान्यावर ठासणीची एक बंदूक होती. त्यांचा इंतेकाल झाला. दफनविधी, जियारत, पाहुण्यांची ये-जा यात कोणाला बंदुकीची आठवण राहिली नाही. थोरला मुलगा कुवेतला, धाकटा गावात किराणा दुकान चालविणारा. बंदूक माजघरात खुंटीला होती तशीच राहिली. तीन वर्षांनी चुलतभावाच्या कलमांच्या बागेत रानडुकरांनी उच्छाद मांडला, तेव्हा तो "भाईजान, चार दिवस द्या" म्हणून ती घेऊन गेला. पुढे निवडणूक आली. परवानाधारकांनी हत्यारे ठाण्यात जमा करावीत, अशी नोटीस मरहूमांच्याच नावाने घरी आली. धाकट्याने ती बाजूला ठेवली. काही दिवसांनी पोलीस आले, आणि बंदूक चुलतभावाच्या पडवीत सापडली. गुन्हा दोघांवर दाखल झाला. धाकट्याला त्याच महिन्यात कतारचा व्हिसा आला होता. तो तसाच राहिला.

या प्रकरणात कोणाचीही नियत वाईट नव्हती. हत्यार चोरीचे नव्हते, कोणावर रोखले गेले नव्हते, कित्येक वर्षे सरकारी नोंदीत होते. चूक एवढीच की बंदूक इतर वस्तूंसारखी वारशाने घरातल्या घरात फिरते, असे सर्वांनी गृहीत धरले. आमच्या व्यापारी व कारागीर बांधवांत हा गैरसमज फार पसरलेला आहे, म्हणून या आठवड्याचे पान आम्ही या विषयाला देत आहोत.

आपल्या मोहल्ल्यात बंदुकीचा विषय निघाला की माणसे आवाज खाली करतात. याला इतिहास आहे. टाडा कायद्याच्या कलम ५ नुसार अधिसूचित क्षेत्रात ठराविक वर्गाचे हत्यार विनापरवाना जवळ असणे एवढ्यावरच किमान ५ वर्षांची शिक्षा होती. तो कायदा मे १९९५ मध्ये संपला, पण मनातील धास्ती गेली नाही. परिणामी ज्याच्याकडे कायदेशीर हत्यार आहे तोही ठाण्यात जाऊन चौकशी करण्यास कचरतो, आणि न विचारल्यामुळेच खऱ्या अडचणीत येतो.

मालकी आणि ताबा

शस्त्र अधिनियम, १९५९ हा आपल्या देशातील मूळ कायदा. तो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. त्याखालील १९६२ चे नियम जाऊन आता शस्त्र नियम, २०१६ लागू आहेत, आणि डिसेंबर २०१९ मध्ये अधिनियमात मोठी दुरुस्ती झाली. जुन्या माणसांनी सांगितलेले, किंवा दहा-पंधरा वर्षांपूर्वी वकिलाने सांगितलेले अनेक नियम त्यामुळे आज जसेच्या तसे राहिलेले नाहीत.

या कायद्यात मालकी आणि ताबा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. घर, दुकान, गाडी यांची मालकी ज्याची, ताबाही सामान्यतः त्याचाच. बंदुकीचे तसे नाही. बंदूक तुमच्या पैशाची असेल, वारशात तुमच्या वाट्याची असेल, पण कलम ३ प्रमाणे तुमच्या स्वतःच्या नावाचा परवाना नसेल तर ती जवळ ठेवणे हा गुन्हा आहे. परवाना माणसाला मिळतो. माणूस गेला की तो परवाना दुसऱ्या कोणाच्या कामाचा राहत नाही.

कलम ३ मध्येच एक सवलत आहे आणि तिचा चुकीचा अर्थ नेहमी लावला जातो. परवानाधारकाच्या समक्ष, किंवा त्याच्या लेखी अधिकारपत्रावर, दुरुस्तीसाठी, परवान्याच्या नूतनीकरणासाठी किंवा त्या धारकाच्याच वापरासाठी दुसरा माणूस हत्यार नेऊ शकतो. मुलगा वडिलांची बंदूक नूतनीकरणासाठी कचेरीत नेतो ती याच सवलतीवर. पण वडिलांचा इंतेकाल झाला की समक्षताही संपली आणि अधिकारपत्रही संपले. काल जे नेणे कायदेशीर होते ते आज राहिले नाही.

हत्यार कोणत्या वर्गातले?

मालकी बदलण्यापूर्वी हत्याराचा वर्ग कळला पाहिजे. २०१६ च्या नियमांच्या पहिल्या अनुसूचीत हे वर्ग दिले आहेत.

सर्वात वर पूर्णपणे निषिद्ध हत्यारे. एकदा चाप दाबला की गोळ्या सुटत राहतात अशी स्वयंचलित शस्त्रे त्यात येतात. त्यांचा व आपला सामान्य व्यवहारात संबंध येत नाही, आणि येऊ नये. त्याखाली मर्यादित वर्ग, ज्याला बाजारात अजूनही ‘पीबी’ म्हणजे प्रोहिबिटेड बोअर म्हणतात. फौजेचे काडतूस ज्यात बसते व उडते अशी हत्यारे यात येतात : थ्री नॉट थ्री किंवा ७.६२ मि.मी. ची रायफल, फौजी ९ मि.मी. काडतुसाचे पिस्तूल, ४५५ चे रिव्हॉल्व्हर. बऱ्याच अर्धस्वयंचलित बंदुका आणि २० इंचांपेक्षा आखूड नळीच्या छऱ्याच्या बंदुकाही यातच धरल्या जातात. यांचा परवाना जिल्ह्यात मिळत नाही. तो अधिकार दिल्लीत केंद्रीय गृह मंत्रालयाकडे आहे.

तिसरा वर्ग परवानगीयोग्य हत्यारांचा, बाजारी भाषेत ‘एनपीबी’. ३२ बोअरचे रिव्हॉल्व्हर, ३१५ ची रायफल, बारा बोअरची दुनळी, कोकणातील ठासणीची बंदूक ही याच पंक्तीत. ३१५ बोअर नागरिकांत इतकी का पसरली याचे उत्तरही येथेच आहे. थ्री नॉट थ्री नागरिकाला मिळणे कठीण, म्हणून सरकारी कारखान्यांनी फौजी काडतूस न चालणारी ही रायफल बनवून विकली. या वर्गाचा परवाना जिल्ह्यात जिल्हाधिकारी, तर मुंबईसारख्या आयुक्तालयात पोलीस आयुक्त देतात.

आता घोटाळा कोठे होतो ते पाहा. दादाजान इंग्रजांच्या फौजेत किंवा पोलिसात होते, त्यांच्याकडे त्या काळचे ४५५ चे वेब्ली रिव्हॉल्व्हर होते, ते नंतर वडिलांच्या परवान्यावर आले. मुलाकडे स्वतःचा जिल्ह्याचा परवाना आहे, त्यावर दुनळी आहे. तो समजतो की माझ्याकडे लायसन्स आहेच, हे रिव्हॉल्व्हर त्यावर चढवून घेऊ. चढत नाही. जिल्ह्याचा परवाना मर्यादित वर्गाच्या हत्याराला उपयोगी नाही. त्या वर्गाचा अर्ज वेगळा, अधिकारी वेगळा, आणि तो मिळेपर्यंत रिव्हॉल्व्हर जमाच राहिले पाहिजे. अशा हत्याराला गिऱ्हाइकही थोडे, कारण घेणाऱ्याकडेही त्याच वर्गाचा परवाना हवा. नळीवरचे बोअर आणि परवान्यातील नोंद दोन्ही वाचून मगच पुढचे पाऊल टाकावे.

इंतेकालानंतरचे पहिले काम

कलम २१ सांगते की कोणत्याही कारणाने हत्याराचा ताबा कायदेशीर राहिला नाही, तर ते विनाविलंब जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक शस्त्र विक्रेत्याकडे जमा केले पाहिजे. परवानाधारकाचा मृत्यू हे असेच एक कारण आहे. कायद्यात चाळीस दिवसांची किंवा बरसीपर्यंतची सवलत नाही. आमच्या मते दफनविधीनंतर दोन-तीन दिवसांतच घरातील जबाबदार माणसाने मृत्यूची माहिती देणारा अर्ज लिहून ठाण्यात द्यावा, आणि हत्यार हलवायचे कसे हेही त्याच वेळी विचारावे. गावी पोलीस पाटलांना सोबत घेतल्यास सोपे जाते.

काही घरांत बंदुकीच्या कपाटाची चावी बेवा वालिदांकडे असते आणि त्या इद्दतीत असतात. चार महिने दहा दिवस त्यांना बाहेर पडता येत नाही, म्हणून विषय तसाच राहतो. पण जमा करण्यास त्यांनीच गेले पाहिजे असे कोठेही नाही. मुलगा, भाऊ किंवा जावई अर्ज देऊ शकतो. ठाण्याला लेखी विनंती केली तर कर्मचारी घरी येऊन पंचनाम्याने हत्यार घेऊन जातात, असेही आम्ही पाहिले आहे.

पावतीबाबत मात्र हयगय नको. पावतीवर बनावटीचे नाव, अनुक्रमांक, बोअर, परवान्याचा क्रमांक आणि काडतुसांची संख्या हवी. काडतुसे लोक विसरतात. कलम ३ हत्याराला जितके लागू आहे तितकेच दारूगोळ्यालाही. बंदूक जमा केली आणि ट्रंकेत पंचवीस काडतुसे राहिली, तर गुन्हा राहिलाच. ठासणीच्या बंदुकीच्या केपा आणि दारूची पुडीही त्याच अर्जात लिहून द्यावी. विक्रेत्याकडे जमा केल्यास तो महिन्याचे भाडे घेतो, तो दर आधी ठरवून घ्यावा. वर्षभर पडून राहिलेल्या जुन्या दुनळीचे भाडे तिच्या किमतीच्या जवळ गेलेले आम्हास ठाऊक आहे.

जमा केलेल्या हत्यारावरील वारसांचा हक्क जात नाही. त्याच कलमाप्रमाणे ठरलेल्या मुदतीत वारसाने परवाना मिळविल्यास हत्यार परत मिळते, किंवा पात्र माणसास विकून पैसे घेता येतात. मुदतीत काहीच केले नाही तर जिल्हा दंडाधिकारी ते सरकारजमा करू शकतात. तेव्हा जमा केले म्हणजे संपले असे समजून स्वस्थ बसू नये.

वारसाचा परवाना

२०१६ च्या नियम २५ मध्ये वारसांसाठी स्वतंत्र तरतूद आहे. परवानाधारकाच्या मृत्यूनंतर कायदेशीर वारसास परवाना देता येतो. पोलिसांचा अहवाल प्रतिकूल नसेल आणि वारस पात्र असेल, तर नव्या अर्जदाराप्रमाणे जिवाला धोका वगैरे सिद्ध करण्याचा भार त्याच्यावर तितका येत नाही. पात्रता मात्र हवीच. वय २१ पूर्ण हवे. हिंसेच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झालेल्यास शिक्षा संपल्यापासून पाच वर्षे परवाना मिळत नाही. शांतता राखण्याच्या किंवा चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्राखाली असलेल्यासही मनाई आहे. मोहल्ल्यातील भांडणात असे बंधपत्र लिहून दिलेले असते आणि घरच्यांना त्याचे महत्त्व ठाऊक नसते.

अर्जासोबत मृत्यूचा दाखला, वारसांची यादी, मूळ परवाना, जमा पावती आणि इतर वारसांची ना-हरकत प्रतिज्ञापत्रे मागितली जातात. हत्यार हाताळण्याच्या प्रशिक्षणाचे प्रमाणपत्रही लागते. परवान्याला राष्ट्रीय नोंदीतील युआयएन हा क्रमांक हवा. जुन्या पुस्तकी परवान्यावर तो नसेल तर तोच मुद्दा आधी सोडवावा लागतो. परवान्याची मुदत २०१९ च्या दुरुस्तीनंतर ३ ऐवजी ५ वर्षांची झाली आहे.

त्याच दुरुस्तीने एका माणसाने बाळगावयाच्या हत्यारांची संख्या ३ वरून २ वर आणली, आणि वारशाने येणारे हत्यारही याच मर्यादेत मोजावयाचे आहे. ज्याच्याकडे आधीच दोन आहेत त्याला वडिलांचे तिसरे घेता येणार नाही. त्याने आपले एक विकावे, किंवा भावा-बहिणीपैकी दुसऱ्याने अर्ज करावा. बहीण अर्ज करू शकते का, असा प्रश्न आम्हाला विचारला जातो. करू शकते. कायदा वारस पाहतो, मुलगा की मुलगी हे पाहत नाही.

तरक्याचा हिशेब

येथे शरीअतचा प्रश्न येतो, आणि बऱ्याच घरांत तो सोयीने विसरला जातो. बंदूक हीही मरहूमांच्या तरक्यातील वस्तू आहे. कफन-दफनाचा खर्च, कर्ज आणि वसीयत यांच्यानंतर उरलेल्या मालमत्तेत सर्व वारसांचा ठरलेला हिस्सा आहे, आणि तो बंदुकीतही आहे. परवाना एकाच्या नावावर झाला म्हणजे बंदूक फुकट त्याची झाली, असे नव्हे. सरकारी ना-हरकत ही ताब्यापुरती असते. त्यावर सही करताना बहिणींनी आपला हिस्सा सोडला असे धरणे आमच्या मते गैर आहे.

उदाहरण घेऊ. मरहूमांच्या मागे पत्नी, दोन मुलगे व दोन मुली आहेत, मरहूमांचे आई-वडील हयात नाहीत. बंदुकीची वाजवी किंमत ४८,००० रुपये ठरली. पत्नीचा आठवा हिस्सा ६,००० रुपये. उरलेल्या ४२,००० चे सहा भाग होतात. प्रत्येक मुलास दोन भाग म्हणजे १४,००० आणि प्रत्येक मुलीस एक भाग म्हणजे ७,०००. ज्या मुलाच्या नावावर परवाना झाला त्याने बंदूक ठेवून आईला, भावाला व बहिणींना मिळून ३४,००० रुपये द्यावेत, किंवा बाकीच्या तरक्यात तेवढी रक्कम वळती करावी. किंमत ठरविण्यासाठी दोन विक्रेत्यांकडून लेखी भाव घेतला तर पुढे कुरबूर राहत नाही.

"अब्बांनी बंदूक मला द्यायचे म्हटले होते," हे वाक्य प्रत्येक घरात ऐकू येते. ती वसीयत असेल तर हनफी व शाफई दोन्ही मतांप्रमाणे वारसाच्या नावे केलेली वसीयत इतर वारसांच्या संमतीशिवाय लागू होत नाही. शिया फिक्हमध्ये एक तृतीयांशापर्यंत ती चालते. हिबा म्हणावा तर त्याच्या तीन अटी आहेत : देणाऱ्याने देणे, घेणाऱ्याने स्वीकारणे आणि ताबा देणे. नेमकी तिसरी अट येथे अडते. मुलाकडे परवाना नव्हता तर वडिलांना कायदेशीर ताबा देताच येत नव्हता. म्हणजे हिबा अपुराच राहिला. तोंडी हिब्याच्या जोरावर बंदूक घरात ठेवून बसलेल्या मुलाला ना देशाचा कायदा साथ देतो ना फिक्ह. म्यानाबाहेर काढलेली तलवार एकमेकांच्या हाती देण्यास प्रेषित मुहम्मद (स.) यांनी मनाई केल्याचे हदीसमध्ये आले आहे. शस्त्र हातोहात देताना किती जपावे, याची शिकवण आपल्याकडे जुनी आहे.

हयातीत द्यावयाची असेल तर त्याचा रस्ता नियम २५ मध्येच आहे. परवानाधारकाचे वय ७० झाले, किंवा हत्यार २५ वर्षे त्याच्याकडे असेल, यांपैकी जे आधी होईल तेव्हा तो आपल्या वारसांपैकी एकाचे नाव सुचवू शकतो. ज्या बुजुर्गांच्या हाती आता बंदूक धरवत नाही, त्यांनी हा मार्ग अवश्य विचारात घ्यावा. ते हयात असताना सर्व मुलांसमोर बोलणे होते, सह्या होतात, आणि बंदूक एक दिवसही बेवारस राहत नाही.

विक्री आणि पंचेचाळीस दिवस

परवानाधारक आपले खाजगी हत्यार दुसऱ्या पात्र माणसास विक्रेत्याचा परवाना नसतानाही विकू शकतो. पण कलम ५ ची अट पाहा. विकण्याचा इरादा आणि घेणाऱ्याचे नाव-पत्ता जिल्हा दंडाधिकाऱ्यांना किंवा जवळच्या ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्यास लेखी कळवावे लागते, आणि कळविल्यापासून किमान ४५ दिवस जावे लागतात. १ मार्चला पत्र दिले आणि पोच घेतली, तर ४५ दिवस १५ एप्रिलला पुरे होतात. हत्यार १६ एप्रिलपूर्वी हातचे सोडू नये. आम्ही तर सांगतो की दोन्ही ठिकाणी पत्र द्यावे आणि दोन्ही पोच जपाव्यात.

मधल्या काळात बयाणा घेण्यास हरकत नाही. बयाणा पैशाचा, बंदुकीचा नव्हे. पावतीवर हत्याराचा अनुक्रमांक, ठरलेली किंमत, परवानगी न मिळाल्यास रक्कम परत करण्याची अट आणि दोन साक्षीदार घालावेत. उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याची ताकीद सूरह बकराच्या २८२ व्या आयतीत आहे, तिचा उपयोग येथे पुरेपूर होतो. घेणाऱ्याचा परवाना स्वतः डोळ्यांनी पाहावा : वर्ग कोणता, खरेदीची मुदत संपली तर नाही, आधीची हत्यारे किती. मनाई असलेल्या माणसास, ठाऊक असून किंवा ठाऊक असण्याचे कारण असून, हत्यार देणे हा विकणाऱ्याचाही गुन्हा आहे. व्यवहार झाल्यावर दोन्ही परवान्यांत नोंद झाल्याशिवाय काम पुरे झाले असे मानू नये. हे सारे जमत नसेल तर परवानाधारक विक्रेत्यालाच द्यावी. भाव कमी येतो, पण नोंदवहीची जबाबदारी त्याच्याकडे जाते.

शिक्षेचे आकडेही माहीत असावेत. २०१९ च्या दुरुस्तीनंतर विनापरवाना हत्यार बाळगण्यास किमान २ ते ५ वर्षे कैद आहे. कलम ५ मोडून विकणे, हस्तांतर करणे, दुरुस्त करणे यास किमान ७ वर्षे, ती जन्मठेपेपर्यंत जाऊ शकते. घेणाऱ्यापेक्षा देणाऱ्याची शिक्षा जड आहे, याकडे व्यापारी बांधवांनी लक्ष द्यावे.

याच संदर्भात गहाणाचा धोका. उधारी फार वाढली की गिऱ्हाईक कधी म्हणते, "सेठ, बंदूक ठेवून घ्या, पैसे आले की नेतो." भिडेखातर दुकानदार ती कपाटात ठेवतो. रहनमध्ये वस्तूचा ताबा घेतला जातो, आणि तो ताबाच येथे गुन्हा आहे. गिऱ्हाइकाकडे परवाना आहे ही सबब दुकानदाराला उपयोगी नाही. दुसरीकडे बंदूक दुसऱ्याच्या घरी आहे म्हणून मालकही सुटत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९७२ च्या एका निकालात स्पष्ट केले आहे की हत्यार प्रत्यक्ष दुसऱ्याकडे असले तरी ज्याचा त्यावर जाणीवपूर्वक अधिकार चालतो, त्याचाही ताबा मानता येतो.

कारागिरांनी लक्षात ठेवावे

लेथ, वेल्डिंग, पॉलिश आणि सुतारकाम हे आपल्या बिरादरीचे धंदे. मुंगेरपासून काश्मीरपर्यंत बंदूक बनविण्याच्या हुन्नरात मुस्लिम कारागिरांचा मोठा हात राहिला आहे, आणि जुन्या उस्तादांना आपल्या हातावर भरवसा असतो. म्हणून ओळखीचा माणूस स्प्रिंग तुटली, दस्ता हलतो म्हणून बंदूक घेऊन वर्कशॉपमध्ये येतो. कलम ५ मध्ये ‘दुरुस्ती’ हा शब्द आहे, आणि दुरुस्तीसाठी जवळ ठेवणे हेही त्यात आहे. त्याला वेगळा परवाना लागतो. परवाना नसलेल्या उस्तादाने बंदूक एक रात्रही दुकानात ठेवू नये, मजुरी शंभर रुपये असो की फुकट.

नळी आखूड करणे, खेळण्यातील किंवा नकली पिस्तुलाचे खरे करणे, एका वर्गाचे हत्यार दुसऱ्या वर्गात बदलणे यास कलम ६ ची मनाई आहे. नळी २० इंचांखाली गेली की साधी दुनळी मर्यादित वर्गात जाऊन बसते. मालकाने परवान्यात लिहून घेतलेले हत्यार आणि हातातले हत्यार मग वेगळेच ठरतात. पॉलिशवाल्यांनी कलम ८ ध्यानात ठेवावे. हत्यारावरील नाव, क्रमांक किंवा खूण घासून काढणे, बदलणे हा स्वतंत्र गुन्हा आहे. गंज काढताना क्रमांक पुसट झाला, असे सांगून सुटका होणे अवघड असते.

जुन्या वस्तूंच्या व्यापाऱ्यांचाही एक गैरसमज आहे. तोडेदार बंदूक, गारगोटीची पिस्तुले ही ‘अँटिक’ म्हणून कायद्याबाहेर, असे ते धरून चालतात. कलम ४५ ची सूट आहे, पण हत्यार दुरुस्ती करूनही बंदूक म्हणून वापरता येणार नाही, अशा अवस्थेचे हवे. एखादा हुशार लोहार दोन दिवसांत चालू करील अशी तोडेदार बंदूक त्या सुटीत बसेलच, असे समजू नये. शिवाय वस्तू शंभर वर्षांवरील असेल तर १९७२ चा पुरावशेष व बहुमूल्य कलाकृती कायदाही येतो. त्याप्रमाणे व्यापाराला परवाना लागतो आणि खाजगी माणसास ती परदेशी पाठविता येत नाही. दुबईच्या गिऱ्हाइकाला सामानातून पाठवून देतो, असे म्हणणाऱ्यांनी हे आधी वाचावे.

अनेक वर्षे घरात पडून असेल तर?

हा प्रश्न विचारणारे सर्वात जास्त असतील. उशीर झालाच आहे, आता ठाण्यात गेलो तर आत टाकतील, या भीतीने काही जण बंदूक विहिरीत टाकण्याचा किंवा पुरण्याचा विचार करतात. तसे मुळीच करू नये. हत्याराची नोंद परवान्याच्या वहीत आहे, आता राष्ट्रीय नोंदीतही असू शकते. उद्या नोंद आहे आणि हत्यार नाही अशी स्थिती झाली, तर ते कोणाला दिले याचे उत्तर द्यावे लागेल, आणि ते उत्तर कोणाला पटणार नाही.

वकिलामार्फत अर्ज तयार करावा. परवानाधारक कधी वारले, हत्यार कोठे होते, कोणी वापरले नाही, उशीर का झाला हे खरे खरे लिहावे. मृत्यूचा दाखला व जुना परवाना जोडावा. अर्जाची एक प्रत जिल्हाधिकारी कचेरीच्या गृह शाखेत, दुसरी ठाण्यात द्यावी, आणि त्यांच्या सूचनेप्रमाणे हत्यार जमा करावे. स्वतःहून जमा करणारा आणि झडतीत सापडणारा यांच्याकडे पाहण्याची नजर वेगळी असते. कलम ३ च्या गुन्ह्याचा खटला चालविण्यास कलम ३९ प्रमाणे जिल्हा दंडाधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी लागते, आणि मंजुरीचा विचार होताना असा अर्ज कागदावर असणे मोलाचे ठरते.

वर सांगितलेल्या घरातील धाकट्या भावाकडे असा एकही कागद नव्हता. निवडणुकीची नोटीस आली त्या दिवशी तो ठाण्यात गेला असता तर सांगण्यासारखे काही तरी होते, असे त्याच्या वकिलांनी त्याला सांगितले. सध्या तो तालुक्याच्या न्यायालयात तारखांना जातो, दुकान दुपारपर्यंत बंद राहते, आणि बंदूक मुद्देमाल म्हणून ठाण्याच्या खोलीत आहे. तिच्या किमतीतील बहिणींचा हिस्साही तेथेच अडकला आहे.